बँकेची नोटीस आली, आता काय करावे?



बँकेचे पाकीट आले की ते आढ्याला खोचायचे आणि ‘आंबिया बहार विकला की पाहू’ म्हणायचे, अशी आपल्यापैकी अनेकांची सवय आहे. पांढुर्णा-सौसर भागात एखाद्या वर्षी कपाशी जाते, एखाद्या वर्षी संत्र्याची गळ होते आणि हप्ता थकतो. हप्ता थकणे हा गुन्हा नव्हे. पण नोटीस न वाचणे महागात पडते, कारण कायद्याने दिवस मोजून दिलेले असतात.

शेतजमिनीला कोणते संरक्षण आहे?
२००२ च्या सरफेसी कायद्याने बँकेला कोर्टात न जाता गहाण मालमत्ता ताब्यात घेऊन विकता येते. मात्र त्याच कायद्याच्या कलम ३१ प्रमाणे शेतजमिनीच्या गहाणाला तो लागू नाही. याचा अर्थ कर्ज माफ झाले असा नव्हे. बँक दावा लावू शकते, कायद्यात बसेल तेथे तहसीलमार्फतही वसुली करू शकते.

शिवाय, जमीन खरोखर शेतीची आहे हे दाखवावे लागते. केवळ महसुली नोंद पुरेशी नाही, प्रत्यक्ष वापर पाहावा लागतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितले. हे सिद्ध करण्याचा भार कर्जदारावर आहे, असे २०२३ मध्ये स्पष्ट केले. समजा, खसऱ्यात शेती लिहिली आहे, पण जागेवर प्लॉट पाडले आहेत. अशा वेळी ही सवलत मिळणे कठीण. म्हणून खसऱ्यातील पिकाची नोंद, बियाण्याच्या व मंडीच्या पावत्या जपून ठेवा.

सहकारी बँक असेल तर?
‘सहकारी बँक आपलीच, तिला हा कायदा नाही,’ असे पुष्कळांना वाटे. कोल्हापूर जिल्ह्यातील मुरगूडच्या विश्वासराव पाटील सहकारी बँकेचा असा वाद थेट सर्वोच्च न्यायालयात गेला. ५ मे २०२० रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठाने निकाल दिला की सहकारी बँकांनाही सरफेसी लागू आहे. तेव्हा घर किंवा दुकान गहाण असेल तर त्या समजुतीवर विसंबू नका.

दिवसांचा हिशेब
१. पहिली मागणी नोटीस आली की ६० दिवस मिळतात. या काळात लेखी हरकत द्या व पोच घ्या. बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावे लागते.
२. बँकेने ताब्याची कारवाई केली तर ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात अर्ज करावा. पांढुर्णा २०२३ मध्ये जिल्हा झाला, तरी हे न्यायाधिकरण जबलपूरलाच आहे. दिवाणी कोर्टात हा वाद सहसा चालत नाही. तेथे वेळ घालवू नका.
३. अर्ज करण्याआधी मागणीच्या ७५ टक्के रक्कम भरण्याची जुनी अट मार्डिया केमिकल्स खटल्यात २००४ मध्ये रद्द झाली.
४. अर्ज केला म्हणून लिलाव आपोआप थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते.

आणखी दोन गोष्टी
वसुलीसाठी गुंड पाठवून वाहन ओढून नेता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये बजावले. तसेच दिवाणी हुकूमनाम्याच्या जप्तीत शेतकऱ्याची औजारे, बैल, बियाणे आणि राहते घर यांना दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० चे संरक्षण आहे. मात्र घर स्वतःच गहाण दिले असेल तर हा आधार चालत नाही.

आजच करा
आढ्याचे पाकीट काढा. वाचता येत नसेल तर शिकलेल्या मुलीकडून वाचून घ्या. नोटीस ज्या दिवशी मिळाली ती तारीख पाकिटावर लिहा. बँकेकडून खात्याचा उतारा मागा आणि व्याज तपासा. मग तहसील विधिक सेवा समितीकडे जा. स्त्रियांना व अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना तेथे मोफत वकील मिळतो. लोकअदालतीत तडजोड होऊ शकते, पण तिच्यावर अपील नाही. म्हणून पुढचे पीक पाहून जेवढे झेपेल तेवढ्यालाच सही करा.

कोर्ट कर्ज फेडून देत नाही. ते आपले म्हणणे ऐकून घेते, पण वेळेवर गेलात तरच.