तारेपेक्षा वई बरी



आपल्या कामाला हातभार लावणाऱ्या मंडळ्यांकडून एक प्रश्न दरवर्षी येतो. "पाड्यावरच्या शेतांना आपण काटेरी तारेचं कुंपण का करून देत नाही?" प्रश्न प्रेमाने विचारलेला असतो आणि त्यामागे पैसे द्यायची तयारीही असते, म्हणून या अंकात त्याचं नीट उत्तर देते. जिथे पाऊस भरपूर आहे आणि शेजारी एकमेकांशी बोलतात, तिथे फुलझुडपांची जिवंत वई तारेपेक्षा जास्त देते, असं माझं मत आहे. मात्र पहिली दोन वर्षं तिला लेकरासारखं सांभाळावं लागतं. तेवढा धीर घेणाऱ्याला हवा आणि देणाऱ्यालाही.

कुंपण लागतं कशाला, हे शहरातल्या वाचकांना सांगायला हवं. जव्हार-मोखाड्याकडे पावसाळ्यात भात, नागली, वरई, उडीद होतो. पिकं उभी असतात तोवर गुरं राखली जातात. कापणी झाली की ती मोकळी सोडतात. ही जुनी रीत आहे आणि तिच्यात वाईट काही नाही. गुरांना चारा मिळतो, शेताला शेण मिळतं. पण ज्याला जमिनीतल्या ओलीवर हरभरा किंवा वाल पेरायचा आहे, विहिरीच्या पाण्यावर काकडी-कारली लावायची आहेत, त्याचं शेत या गुरांच्या वाटेवरच असतं. एका रात्रीत सगळं फस्त होतं. दोनदा असं झालं की माणूस पेरायचं सोडून देतो आणि दिवाळीनंतर बायकापोरांसह वीटभट्टीची वाट धरतो. मुलांची शाळा तिथेच तुटते. प्रत्येक कुटुंब कुंपणाअभावीच स्थलांतर करतं असं मी म्हणणार नाही. पाणी नसेल तर वई काय करणार? पण विहिरीला पाणी असून शेत पडीक, अशीही शेतं आहेत, आणि त्यांच्यासाठी हा लेख आहे.

सध्या लोक काय करतात? रानातून बोरीच्या, करवंदीच्या फांद्या तोडून आणतात आणि बांधावर रचतात. हे सुकं कुंपण एका पावसात कुजतं, उरलेलं वाळवी खाते. पुढच्या वर्षी पुन्हा रान तोडायचं. डोक्यावरून काट्यांचे भारे वाहण्याचं काम बहुतेक बायकांच्या वाट्याला येतं.

पवित्र शास्त्रातल्या लोकांना हे सारं ओळखीचं होतं. यशयाच्या पाचव्या अध्यायात द्राक्षमळ्याचा मालक मळ्याचं कुंपण काढून घेतो आणि भिंतही पाडतो, त्याचा परिणाम काय होतो ते वाचून पाहा. पाड्यावरचा कोणताही शेतकरी ते ऐकून मान डोलावेल. मार्कच्या बाराव्या अध्यायातला मालक मळा लावल्यावर लगेच कुंपण करतो, द्राक्षकुंड त्यानंतर खणतो. पीक यायच्या आधी राखणीची सोय! आणि कुंपण असूनही तो बुरूज बांधतोच. नुसत्या कुंपणावर भरवसा ठेवून घरी झोपणारा शेतकरी तेव्हाही नसावा.

आता झाडांविषयी. पहिलं नाव गिरिपुष्पाचं. कोकणात याला उंदीरमारी म्हणतात, कारण याच्या बिया आणि साल उंदीर मारायला वापरत. झाड मूळचं मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतलं, पण आपल्या मातीत असं रुजलं आहे की कोणी परकं म्हणणार नाही. मनगटाएवढ्या जाडीचे, चार-पाच फुटांचे पक्व खुंट घ्यायचे, खालचं टोक तिरकं छाटायचं आणि पहिल्या पावसात फूट-दीड फूट खोल रोवायचे. बहुतेक खुंट फुटतात. पाला नत्राने भरलेला असतो आणि लवकर कुजतो, म्हणून भाताच्या चिखलणीत तो तुडवला की विकतच्या खताची गरज कमी होते. फेब्रुवारी-मार्चमध्ये पानं झडून फिकट गुलाबी फुलं येतात आणि मधमाश्या जमतात. इथे एक निवड करावी लागते. हे झाड जुन्या फांद्यांवर फुलतं, म्हणून पाल्यासाठी सारखी छाटणी केली तर फुलं दिसणार नाहीत. मी सांगते, तीन बाजू पाल्याला ठेवा, एक बाजू फुलू द्या. काकडी, कारली, दुधी यांची नर आणि मादी फुलं वेगळी असतात. मधमाशी आली नाही तर फळ धरत नाही. बांधावरची फुलं निव्वळ शोभेची नसतात, ती अशी.

गिरिपुष्पाची उणीव ही की शेळ्या त्याचा कोवळा पाला खातात, आणि खुंटांमध्ये खाली फट राहते. ती फट अडुळशाने भरावी. अडुळशाच्या कडू पानाला शेळी सहसा तोंड लावत नाही. त्याचं शास्त्रीय नाव आडाटोडा, ते तमिळवरून आलं. तमिळमध्ये त्याचा अर्थ 'शेळी शिवत नाही' असा होतो. तीन-चार डोळ्यांच्या कांड्या कापून दोन डोळे मातीत जातील अशा लावायच्या. हिवाळ्यात पांढरी फुलं येतात, आणि खोकल्याचा काढा दारातच मिळतो. ओढ्याकाठी, ओलीच्या जागी निर्गुडी लावावी. तिची जांभळट निळी फुलं मधमाश्यांना आवडतात, आणि सुकलेला पाला धान्याच्या कणगीत किडीसाठी घालतात.

बाहेरच्या ओळीला करवंद. वाढायला सावकाश, तीन-चार वर्षं घेते, पण एकदा भरली की म्हैससुद्धा आत घुसत नाही. पांढऱ्या फुलांचा वास, मे महिन्यात फळं, द्रोण भरून रस्त्यावर विकायची सोय. बी ताजंच पेरावं लागतं. पिकल्या करवंदातलं बी धुऊन लगेच पिशवीत लावायचं, जुनं बी उगवत नाही. मेमध्ये तयार केलेलं रोप पुढच्या पावसाळ्यात बांधावर जातं.

काही झाडं मी लावू देत नाही. चंद्रज्योत, म्हणजे मोगली एरंड, गुरं खात नाहीत आणि खुंटावर पटकन फुटते, म्हणून तिची वई जागोजागी दिसते. पण तिच्या बिया विषारी आहेत आणि चवीला बऱ्या लागतात, त्यामुळे मुलं त्या खातात. अंगणवाडीजवळ किंवा शाळेच्या वाटेवर ती नकोच. कण्हेरीचंही तसंच. टणटणी रंगीत फुलते म्हणून कोणी आणायला गेलं तर हात जोडून थांबवते. शोभेसाठी परदेशातून आणलेल्या या झुडपाने रानंच्या रानं व्यापली आहेत.

लावताना खुंट सरळ रेषेत उभे न करता तिरके, एकमेकांना छेद देत रोवावेत आणि वेलीने बांधावेत, म्हणजे जाळी तयार होते. अडुळसा, निर्गुडी वाढू लागली की शेंडे गुडघ्याएवढ्या उंचीवर खुडायचे. लोकांना याचं फार वाईट वाटतं. इतकं जपलेलं झाड कापायचं कसं? पण शेंडा खुडल्याशिवाय खालून फांद्या फुटत नाहीत, आणि करडू खालूनच शिरतं. पहिल्या वर्षी बाहेरून सुकं काटेरी कुंपण ठेवावंच लागतं. पहिल्या उन्हाळ्यात बुडाशी पालापाचोळा आणि अधूनमधून पाणी, दुसऱ्या पावसात मेलेल्या जागी नांग्या भरणे. एवढं केलं तर वई उभी राहते.

आता हिशेब. एक एकर चौकोनी शेताचा घेर सुमारे ८३५ फूट भरतो. फुटाला एक धरलं तर तेवढे खुंट लागतात. दहा गुंठ्यांच्या चौकोनाचा घेर सुमारे ४१७ फूट. म्हणजे दहा-दहा गुंठ्यांच्या चार भावकीतल्या शेजाऱ्यांनी वेगवेगळी कुंपणं केली तर जवळजवळ १,६७० फूट, आणि चौघांची शेतं लागून असताना मिळून एकच वई केली तर ८३५. निम्मं काम! हा हिशेब मी जमिनीवर काडीने आखून दाखवते तेव्हा लोकांना पटतो. पण त्याआधी बांध कोणाचा, सावली कोणाच्या भातावर पडणार, पाला कोण कापणार आणि पाणोठ्याची पायवाट कुठून सोडायची, हे बोलावं लागतं. कधी कधी या बोलण्यातच एक उन्हाळा जातो. शेजाऱ्यांचं पटत नसेल तर मी खुंट देत नाही, कारण वई दरवर्षी फूटभर बाहेर सरकते आणि जुनं भांडण नव्याने उकरून काढते.

ही कल्पना आमची नव्हे. बायफ संस्थेने १९८२ साली गुजरातेत वांसद्याला आदिवासी शेतकऱ्यांसाठी वाडीचा कार्यक्रम सुरू केला आणि पुढे तो जव्हारकडेही आला. आत आंबा-काजू, कडेने जंगली झाडं आणि वई, अशा वाड्या आजही पाहायला मिळतात. ज्यांना शंका असेल त्यांनी एखादी वाडी चालत फिरून पाहावी.

राहिली तार. तिचा मला राग नाही. विहिरीभोवती, रोपवाटिकेभोवती मी स्वतः तार मागते, कारण तिथे दोन वर्षं थांबता येत नाही. पण शेतावरची तार गंजते, तुटली की गाठीला पैसे लागतात, आणि खांबासकट चोरीलाही जाते. एका शेतकरी भाऊंनी मला सांगितलं, "ताई, तारेखालून करडू जातं. वईतून कोंबडी जात नाही." देणगीदाराला तारेचा फोटो पहिल्याच महिन्यात मिळतो, वईचा फोटो तिसऱ्या वर्षी. आम्ही मागतो ते पैसे बहुतेक राखणदाराच्या मजुरीसाठी, पिशव्यांसाठी आणि उन्हाळ्यातल्या पाण्यासाठी असतात. त्यात दाखवण्यासारखं काही नसतं हे कबूल आहे.

एक विनंती. पुष्कळ मंडळ्यांच्या आवारात अडुळसा आहे, आणि पावसाच्या तोंडावर त्याची छाटणी करून फांद्या फेकून दिल्या जातात. या वर्षी त्या फेकू नका. वीतभर कांड्या करून ओल्या गोणपाटात गुंडाळा, सावलीत ठेवा आणि दोन-तीन दिवसांत आमच्याकडे पोहोचवा. पाऊस सुरू झाला की लगेच लागतील.