नर्मदाकाठची रोजनिशी

धार व देवास या दोन्ही जिल्ह्यांच्या दक्षिण सीमेवरून नर्मदा वाहते. तिच्या खालच्या खोऱ्यातील भिल्ल, भिलाला आदी लोकांवर जे अनुबोधपट निघाले, त्यांपैकी एकाविषयी येथे लिहीत आहो.

सीमंतिनी धुरू व आनंद पटवर्धन यांनी १९९० पासून तीन-चार वर्षे सरदार सरोवराच्या बुडीत क्षेत्रात वारंवार जाऊन चित्रण केले. त्यातून १९९५ मध्ये 'अ नर्मदा डायरी' सिद्ध झाला. एकदाच जाऊन नृत्य टिपणारा कॅमेरा आदिवासींस शोभेची वस्तू करून टाकतो. येथे मात्र तीच माणसे सभेत बोलतात, मोर्चात चालतात. मग महाराष्ट्रातील डोमखेडीची होळी पाहताना, हे गाव बुडावयाचे आहे, याचा विसर पडत नाही.

भाषेचाही प्रश्न आहे. आमची मायबोली कोंकणी. आपले बोलणे दाबून दुसऱ्याने आपला अर्थ सांगू लागावे, हे कसे लागते ते आम्ही जाणतो. म्हणून मूळ आवाज राखून पडद्याखाली अक्षरे देण्याची रीत आम्हांस अधिक प्रामाणिक वाटते.

२०१९ मध्ये धरण १३८.६८ मीटरपर्यंत भरले आणि आपल्या धार जिल्ह्यातील चिखलदा पाण्याखाली गेले. तेथून उठलेली घरे आता इतरत्र वसली आहेत. त्यांतील एखाद्या आजीचे बोलणे मोबाईलवर टिपावयाचे झाल्यास आधी तिची संमती घ्यावी, आणि टिपलेले प्रथम तिलाच दाखवावे. नको म्हणाली, तर पुसून टाकावे.