दुधाआधी ऊब : आई गेलेल्या डुकराच्या पिल्लांची निगा



गडचिरोली जिल्ह्यात भामरागड-एटापल्लीकडे माडिया गोंडांच्या घरी डुकरे पाळतात. लग्नकार्याला, सणाला ती लागतात आणि अडचणीच्या वेळी एक विकले की औषधपाण्याची सोय होते. अशा घरची डुकरीण विताना मेली, तर पिल्लांबरोबर त्या घराची पुढची पुंजीही जाते. मग कोणी कळकळीने विचारते, दुधाच्या पावडरीचे डबे पाठवू का? भाव चांगला आहे. पण पिल्लू बहुधा भुकेआधी थंडीने मरते.

नवजात पिल्लाच्या अंगात चरबी जवळजवळ नसते. पहिल्या आठवड्यात त्याला ३२ ते ३५ अंश सेल्सिअस ऊब लागते. टोपलीत भाताची तणस घालावी आणि गरम पाण्याची बाटली गोणपाटात गुंडाळून मध्ये ठेवावी. पिल्ले एकमेकांवर चढू लागली की त्यांना थंडी वाजते आहे. दूरदूर पांगली की ऊब जास्त झाली. अंगाने गार पडलेल्या पिल्लाला आधी शेकावे, मगच पाजावे.

दुसरी गोष्ट चिकाची. डुकराच्या पिल्लाला आईच्या पोटात रोगाशी लढण्याची शक्ती मिळत नाही. ती चिकातून मिळते, आणि तीही पहिल्या २४ तासांतच. म्हणून बाटली शोधण्याआधी गावात नुकतीच व्यालेली दुसरी डुकरीण शोधावी. तिच्या पिल्लांच्या तणशीत ही पिल्ले घोळवली की वास एक होतो आणि ती बहुधा त्यांना जवळ करते. अशी डुकरीण नसेल तर गाईचा किंवा शेळीचा चीक द्यावा. त्याची सर येत नाही, पण काहीच नसण्यापेक्षा बरा.

मग बाटली. गाईचे किंवा शेळीचे दूध कोमट करून पाणी न घालता द्यावे, कारण डुकरिणीचे दूध त्याहून दाट असते. साखर किंवा गूळ मुळीच घालू नये. मायेपोटी बायाबापड्या घालतात, पण पहिल्या आठवड्यात पिल्लाला ते पचत नाही आणि हगवण लागते. हगवणीवर साखर-मिठाचे घरगुती पाणीही त्याच कारणाने चालत नाही. ओआरएसची पुडी वापरावी.

पाजताना पिल्लू पालथे, डोके किंचित वर. तान्ह्या बाळासारखे उताणे धरले तर दूध फुफ्फुसात जाते. पहिले दोन दिवस दर दोन तासांनी, रात्रीसुद्धा, १०-२० मिलिलीटर पाजावे. घरातल्या बाईची झोप यातच जाते, म्हणून तिसऱ्या दिवसापासून उथळ ताटलीत तोंड बुडवून प्यायला शिकवावे. पिल्ले लवकर शिकतात.

दुधात लोह फार कमी असते. तिसऱ्या दिवसाच्या सुमारास पशुवैद्यकाकडून लोहाचे इंजेक्शन द्यावे, नाहीतर पिल्ले पांढरी पडून खंगतात. दुसऱ्या आठवड्यापासून मऊ भात किंवा भिजवलेला कोंडा थोडा थोडा पुढे ठेवावा. सहा आठवड्यांच्या सुमारास दूध बंद करता येते.

तेव्हा मदत पाठवायचीच असेल, तर पावडरीच्या डब्यांऐवजी गोणपाट, गरम पाण्याच्या रबरी पिशव्या आणि पशुवैद्यकाला गावापर्यंत आणण्याचा प्रवासखर्च पाठवावा.