वीजतोडणी : अपिलावर अपील नाही

प्रश्न : थकबाकीसाठी महावितरणची वीजतोडणीची नोटीस आली. वसईच्या दिवाणी न्यायालयाने तात्पुरती मनाई नाकारली, जिल्हा न्यायालयानेही अपील फेटाळले. दुसरे अपील करता येईल का? – वाचक, नालासोपारा

उत्तर : नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम 104(2) ते होऊ देत नाही. दुसऱ्या अपिलाचे कलम 100 हुकूमनाम्यांसाठी आहे, अशा अंतरिम आदेशांसाठी नाही. उरते ती राज्यघटनेच्या अनुच्छेद 227खालील उच्च न्यायालयातील याचिका, पण तिथे पुरावा सहसा नव्याने तोलला जात नाही. मग अंधारात बसायचे का, हा आक्षेप रास्त आहे. म्हणूनच वीज कायदा, 2003चे कलम 56 पाहा : मागितलेली रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम, यांतील कमी असेल ती निषेध नोंदवून भरल्यास वाद निकाली निघेपर्यंत वीज तोडता येत नाही. मला हा मार्ग याचिकेहून भरवशाचा वाटतो. मूळ दावा अजून शिल्लक आहे. तो नेटाने चालवा.