बटणामागचा आदेश वाचा

इब्रामपूर म्हणजे पेडणे तालुक्याचं टोक. पुढे सिंधुदुर्ग लागतो. तिथल्या एका काजू व्यापाऱ्याचा हिशेबाचा संगणक मी म्हापशात बसून सांभाळतो. यंत्रावर उबुंटू, वायरगार्डचं व्हीपीएन, त्यातून एसएसएच, एवढाच कारभार. ऐन हंगामात एका सकाळी एसएसएच लागेना. पिंगला मात्र उत्तर येत होतं. ‘कनेक्शन रिफ्यूज्ड’ आलं असतं तर सेवाच बंद पडली असं धरलं असतं. इथे कर्सर नुसता लुकलुकत राहायचा आणि शेवटी ‘टाइम्ड आउट’. म्हणजे मधे कोणीतरी पाकिटं गुपचूप टाकून देत होतं.

फोनवर व्यापाऱ्याचा भाचा म्हणाला, “भाई, मी फक्त फायरवॉल चालू केला.”

त्याने गफव घातलं होतं, उबुंटूतल्या यूएफडब्ल्यू या फायरवॉलचं खिडकीवालं रूप. फायरवॉल चालू असावाच, त्यामुळे पोराचं चुकलं असं मी म्हणणार नाही. यूएफडब्ल्यू उबुंटूत 2008 पासून आहे. बाहेरून येणारं अडवायचं, आतून जाणारं सोडायचं, हा त्याचा मूळ नियम. पिंगला तेवढी सूट. हे सगळं गफवच्या खिडकीत लिहिलेलंही असतं, ‘इनकमिंग: डिनाय’ म्हणून. पण नजर जाते ती चालू-बंदच्या खटक्यावर. त्यातून एसएसएचवरून ‘यूएफडब्ल्यू एनेबल’ दिलं तर यंत्र ‘चालू जोडणी तुटेल, पुढे जाऊ का?’ असं विचारतं. यंत्रासमोर बसलेल्याला ते विचारत नाही.

फोनवरच निस्तरलं. नव्या नियमाच्या चौकटीत ‘सिंपल’मधून 22 क्रमांकाचं पोर्ट उघडलं असतं तर ते सगळ्यांनाच खुलं झालं असतं. म्हणून ‘अ‍ॅडव्हान्स्ड’मध्ये जाऊन इंटरफेस वायरगार्डचाच निवडायला लावला.

तेव्हा तुमचं यंत्र कोणी लांबून सांभाळत असेल, तर खटक्याला हात लावण्याआधी टर्मिनलवर ‘यूएफडब्ल्यू शो लिसनिंग’ देऊन कोणकोणती पोर्टं ऐकताहेत ते बघा. लागणाऱ्यांना परवानगी द्या, ‘शो अ‍ॅडेड’ने नियम तपासा, मगच फायरवॉल चालू करा. फायरवॉल बंद असतानाही नियम घालता येतात, हे पुष्कळांना माहीत नसतं. गफवच्या ‘लॉग’मध्ये प्रत्येक क्लिकमागचा आदेश उमटतो, तो वाचायची सवय लावून घ्या.

या बाबतीत झेनमॅप मला जास्त प्रामाणिक वाटतं. नेटवर्क चाचपणाऱ्या एनमॅपचं हे खिडकीवालं रूप आदेश सरळ वरच्या चौकटीतच दाखवतं. पण उघडल्या उघडल्या तिथे ‘इंटेन्स स्कॅन’ निवडलेला असतो, आणि त्यात यंत्राची ओळख काढण्यापासून स्क्रिप्टा चालवण्यापर्यंत सगळं येतं. घरात किती यंत्रं जोडली आहेत एवढंच हवं असेल तर ‘पिंग स्कॅन’ पुरे. दुसऱ्याच्या नेटवर्कवर मात्र मालकाच्या लेखी परवानगीशिवाय यातलं काहीही चालवू नका. 2000 च्या माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम 43 मध्ये परवानगीविना दुसऱ्याच्या संगणकात किंवा नेटवर्कमध्ये शिरण्याबद्दल भरपाई सांगितली आहे. हेतू वाईट ठरला तर कलम 66 खाली तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.