परीक्षेचा निकाल आणि न्यायालयाची दाद

जांब समर्थ (ता. घनसावंगी, जि. जालना) येथील पदवीच्या विद्यार्थ्यास निकाल मान्य नसेल, तर त्याचे विद्यापीठ आणि उच्च न्यायालयाचे खंडपीठ ही दोन्ही छत्रपती संभाजीनगर येथे आहेत. खंडपीठाचे कामकाज तेथे १९८१ मध्ये सुरू झाले. मात्र न्यायालय जवळ आले म्हणून दाद सुलभ झाली, असे नव्हे.

महाराष्ट्राच्या माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचा निर्णय फिरविला. नियमात तरतूद नसेल तर पुनर्मूल्यांकन हक्क म्हणून मागता येत नाही, असा निर्वाळा दिला. निकालास केव्हातरी अंतिमता हवी, ही त्यामागील भूमिका होती. विद्यार्थ्यास ती कठोर वाटते. पण परीक्षकाचे काम न्यायाधीशाने करू नये, हे पटण्यासारखे आहे. तथापि आदर्श उत्तरच उघडपणे चुकलेले असेल, तर न्यायालय हस्तक्षेप करते, हे कानपूर विद्यापीठाच्या प्रकरणात १९८३ मध्येच दिसले होते. परीक्षा मंडळाविरुद्ध ग्राहक मंचाकडे जाण्याचा मार्ग २००९ च्या निर्णयाने बंद झाला.

खरा पालट २०११ मध्ये झाला. माहितीच्या अधिकाराखाली स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा व तिची प्रत मिळविण्याचा हक्क सर्वोच्च न्यायालयाने मान्य केला. माहिती ३० दिवसांत मिळावयास हवी. नकार आल्यास पुढील ३० दिवसांत प्रथम अपील करता येते. परंतु विद्यापीठाची पुनर्मूल्यांकनाची मुदत या अर्जासाठी थांबत नाही. म्हणून दोन्ही अर्ज निकालानंतर लगेच करावेत आणि त्यांच्या पोचपावत्या जपून ठेवाव्यात. रिट याचिकेच्या वेळी प्रथम त्यांचीच विचारणा होते.