‘व्हँपायर’ आणि वेताळ

दिल्लीच्या तख्तावर मुहम्मद शाह (१७१९–१७४८) असताना, सवाई जयसिंहाच्या आज्ञेवरून सूरत कवीने संस्कृतातील वेताळकथा ब्रजभाषेत उतरविल्या. पुढे कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम महाविद्यालयात दिल्लीचे मझहर अली खान ‘विला’ व लल्लूलाल यांनी त्यांना हिंदुस्तानी रूप दिले. १८०५ साली प्रसिद्ध झालेली ‘बैताल पचीसी’ ती हीच.

मुहम्मद शाहाच्याच कारकिर्दीत युरोपात एक नवा शब्द गाजू लागला होता. सर्बियाचा काही भाग तेव्हा ऑस्ट्रियाच्या ताब्यात होता. मृत माणसे थडग्यातून उठून जिवंतांचा बळी घेतात, अशा तेथील गावकऱ्यांच्या तक्रारींची १७२५ व १७३२ मध्ये सरकारी चौकशी झाली. उकरलेली प्रेते फुगलेली होती आणि त्यांच्या तोंडाशी रक्त दिसत होते. कुजण्याच्या क्रियेत शरीरात वायू साचतो व पातळ द्रव तोंडावाटे बाहेर येतो, हे त्या काळी ठाऊक नव्हते. या अहवालांबरोबर ‘व्हँपिर’ हा सर्बियन शब्द जर्मन, फ्रेंच व इंग्रजी भाषांत शिरला. रशियन ‘उपिर’ व पोलिश ‘उपिऊर’ ही त्याचीच भावंडे होत. मूळ धातूविषयी मात्र विद्वानांत एकमत नाही. काहींनी त्याचा संबंध तुर्की कुळातील भाषांशी जोडला आहे.

लवकरच या शब्दाचा अर्थ विस्तारला. गोरगरिबांचे शोषण करणाऱ्यास तो लावला जाऊ लागला आणि अमेरिका खंडातील रक्त पिणाऱ्या वटवाघळांनाही तेच नाव मिळाले. भारतातील एका मोठ्या वटवाघळास इंग्रजीत ‘खोटा व्हँपायर’ म्हणतात. ते कीटक, बेडूक, उंदीर व लहान पक्षी धरून खाते. रक्त शोषून जगत नाही. नावाचा दोष बिचाऱ्या प्राण्याच्या माथी आला, तो असा.

वेताळाच्या बाबतीतही तेच घडले. १८५५ सालच्या इंग्रजी भाषांतराच्या शीर्षकात त्याला ‘डीमन’ म्हटले होते. १८७० मध्ये रिचर्ड बर्टनने आपल्या पुस्तकाला ‘विक्रम अँड द व्हँपायर’ हे नाव दिले. वस्तुतः वेताळ हा प्रेतात वस्ती करणारा, पण स्वतः प्रेत नसलेला जीव आहे. तो कूटप्रश्न विचारतो, न्यायाची पारख करतो आणि अखेरीस कपटी योग्यापासून राजाला वाचवितो. कोकणात व गोमंतकात तर तो गावाचा राखणदार म्हणून पूजिला जातो.

भाषांतरकाराने जवळचा शब्द निवडला खरा. परंतु त्या शब्दाबरोबर परक्या देशातील थडगी व रक्ताची तहानही आली. ज्या वाचकाला वेताळ केवळ इंग्रजीतून भेटतो, त्याला रक्षकाच्या जागी रक्तपिपासू दिसतो. शब्दाचे मूळ शोधण्याचे प्रयोजन हेच, की अशी अदलाबदल वेळीच ध्यानात यावी.